रात्र मोजून देऊ नका

प्रति,
मा. सांस्कृतिक कार्य मंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई



काळावर हुकमत असलेल्या नर्तकांच्या गुप्त पंथाची कल्पना एखाद्या अद्भुत कथेत शोभेल. त्या पंथातल्या माणसाने पाऊल उचललं की घटका थबकते आणि ठेवलं की पुढे सरकते. गुरूकडून मिळालेली विद्या शिष्य बाहेर फोडत नाही. असं जग उभं करायला लेखक नसलेली राज्यं आणि नसलेले देव रचतात. परळ-लालबागच्या माणसाला एवढं रचावं लागत नाही. त्याने असा पंथ डोळ्यांनी पाहिला आहे, आणि पुष्कळदा त्या पंथातला माणूस त्याच्याच घरातला असतो. दिवसा साच्यावर, गोदीत किंवा एखाद्या पेढीवर काम करणारा आणि रात्री एका पायात चाळ बांधून रिंगणात उतरणारा.

मी जाखडीबद्दल बोलते आहे. कुणी तिला शक्ती-तुरा म्हणतात, जुनी मुंबई बाल्या नाच म्हणायची. रत्नागिरी-रायगडच्या गावांतून ती चाकरमान्यांबरोबर इथे आली आणि गिरणगावातल्या गावकीच्या खोल्यांमध्ये वाढली. आपल्या खात्याच्या कागदांवर ती 'लोकनृत्य' या सदरात असते. त्या सदराबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार आहे ती आपण तिला वेळ कसा देतो याबद्दल, आणि हे पत्र त्या एकाच गोष्टीसाठी आहे.

आधी हा नाच चालतो कसा ते सांगते, कारण माझी मागणी त्यातूनच येते.

मध्ये शाहीर, ढोलकीवाला किंवा मृदंगवाला, झांजवाला आणि झीलकरी बसतात. त्यांच्याभोवती नाचणाऱ्यांचं रिंगण असतं. चाळ एकाच पायात. त्यामुळे एक पाऊल वाजतं आणि दुसरं वाजत नाही. नवख्या माणसाला वाजणारं पाऊल ऐकू येतं आणि त्याला वाटतं ताल तोच. जाणता माणूस न वाजणाऱ्या पावलाकडे बघतो, कारण लय तिथे धरलेली असते. ढोलकी ठाय लयीत सुरू होते, गण होतो, गवळण होते. रिंगण कधी वाकतं, कधी मागे सरतं, कधी बसून उठतं, आणि लय कधी वाढली हे कुणाच्याच लक्षात येत नाही. ध्रुपद तेच असतं, शब्द तेच असतात, पण दर फेरीला त्यांचं वजन बदलतं. शेवटच्या फेऱ्यांत पावलं इतकी दाट पडतात की आठ-दहा माणसांचे चाळ मिळून एकच आवाज होतो. मग शाहीर हात वर करतो आणि सगळं एका मात्रेवर थांबतं. त्या थांबण्यात सभागृहातल्या कुणालाही किती वाजले ते सांगता येत नाही.

हा झाला नाच. त्याच्या आत जे चालतं ते जास्त महत्त्वाचं आहे.

शक्तीवाले आणि तुरेवाले हे दोन पक्ष. महाराष्ट्राच्या शाहिरीतला कलगी आणि तुरा यांचा जुना वाद कोकणात या रूपाने राहिला. तुरा शिवाचा, पुरुषाचा, निर्गुणाचा. शक्ती प्रकृतीची, मायेची. भांडण एकाच प्रश्नावर: आधी कोण? शिव नसता तर शक्ती कुणाची, आणि शक्ती हलली नसती तर शिवाला शिव म्हणायला होतं कोण? वरवर हा देवांचा वाद आहे. खरं तर तो काळाच्या आरंभाचा वाद आहे, पहिला क्षण कुणाचा याचा. सांख्य आणि वेदान्त ज्यावर पोथ्या भरून लिहितात, ते परळच्या रंगमंचावर सातवी-आठवी शिकलेला माणूस सवाल म्हणून टाकतो आणि समोरचा तशाच शिक्षणाचा माणूस त्याचा जवाब बांधतो. मी विद्यापीठातली चर्चासत्रंही ऐकली आहेत. बुद्धीचा एवढा पीळ तिथे मला क्वचित दिसला.

या विद्येत गुप्तता आहे आणि ती मुद्दाम राखलेली आहे. प्रत्येक शाहिराला गुरू असतो, गुरूला घराणं असतं, आणि पदाच्या शेवटच्या चौकात गुरूचं नाव गुंफलेलं असतं. भेदिक पदांच्या वह्या कपाटात असतात आणि त्या कुणाच्याही हातात पडत नाहीत. एखाद्या कूट सवालाचं उत्तर गुरू शिष्याला तो पुरेसा पिकल्यावर देतो, आधी नाही. शिष्य ते वर्षानुवर्षं जवळ बाळगतो आणि योग्य सामना येईपर्यंत बाहेर काढत नाही. लोकांना हा कोतेपणा वाटतो. मला वाटत नाही. ज्याच्याकडे जमीन तुकड्या-तुकड्यांची, खोली दहा जणांत वाटलेली आणि नोकरी बदली कामगाराची, त्याने आपली म्हणून राखलेली ही एकच मिळकत आहे.

आता वेळेचा मुद्दा. सामन्यात एक पक्ष सवाल टाकतो आणि नाचतो. तो नाचत असतो तेवढ्या अवधीत दुसऱ्या पक्षाचा शाहीर विंगेत मांडीवर वही घेऊन उत्तर बांधत असतो. चाल, यमक, पुराणातला दाखला, शेवटी उलटा सवाल, हे सगळं तेवढ्यात. मग त्याची बारी येते. उत्तर अजून पुरतं जमलेलं नसेल तर ढोलकीवाला ते ओळखतो. तो एक आवर्तन जास्त घेतो, झीलकरी ध्रुपद पुन्हा उचलतात, रिंगण आणखी एक फेरा घालतं. सभागृहाला वाटतं नाच रंगला. आपल्या माणसासाठी ते रिंगण पावलांनी वेळ काढून देत असतं. आणि उत्तर तयार झालं की शाहिराच्या नुसत्या मान हलवण्यावर तीच लय एकदम आटते आणि वाट मोकळी होते. काळ लांबवणं आणि आखडणं याला जर विद्या म्हणायचं असेल तर ती ही. तिच्यात चमत्कार कुठेच नाही. शेजारच्या माणसाचं मन ओळखून पाऊल टाकण्याची वर्षानुवर्षांची तालीम आहे, आणि ती चाळीच्या गच्चीवर, जेवणं उरकल्यानंतर होते.

मंत्रिमहोदय, ही विद्या गिरणगावात का रुजली याचा विचार मी बराच केला आहे. गिरणगाव म्हणजे घड्याळाने बांधलेला मुलूख. माझे वडील साचेखात्यात होते. आमच्या घरात पहिली पाळी, दुसरी पाळी आणि रातपाळी हेच वार आणि तिथी होते. सात ते साडेतीन, साडेतीन ते बारा, बारा ते सात. भोंगा झाला की माणूस निघायचा. वीज आल्यावर गिरण्यांमध्ये दिवे लागले आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मालकांनी कामाचा दिवस सूर्यास्ताच्या पुढे ताणला. त्याआधी आठवड्याच्या एका सुट्टीसाठी नारायण मेघाजी लोखंडे यांना वर्षानुवर्षं झगडावं लागलं. ती रविवारची सुट्टी १० जून १८९० रोजी मिळाली.

आणि एक घटना आहे, जी शाळेच्या पुस्तकात असायला हवी होती. १ जानेवारी १९०६ पासून सरकारने स्टँडर्ड टाइम लागू केला. मुंबईची स्वतःची वेळ त्याच्या ३९ मिनिटं मागे होती. काही गिरण्यांनी घड्याळं पुढे केली, आणि त्याच जानेवारीत हजारो गिरणीकामगार बिथरले. साच्यांना हात लावायला त्यांनी नकार दिला, गिरण्यांवर दगड पडले. शहरातल्या मोठ्या लोकांनीही सह्यांचे अर्ज केले. पुढे मुंबई महापालिकेने आपली जुनी वेळ कित्येक दशकं सोडली नाही. निरक्षर म्हणून हिणवलेल्या त्या कामगारांना एक गोष्ट स्वच्छ कळली होती. आपल्या सूर्याची वेळ काढून दुसऱ्याची वेळ लावणं म्हणजे आपल्या अंगातली ३९ मिनिटांची झोप उचलून नेणं.

अशा माणसांनी रात्री रिंगण धरलं. दिवसभर जो काळ त्यांना हाकत होता, त्याला ते रात्री ढोलकीवर हाकत होते. याहून सरळ कारण मला सापडलेलं नाही.

परळचं दामोदर नाट्यगृह उभं राहिलं तेही याच भानातून. ना. म. जोशी यांनी १९११ मध्ये सोशल सर्व्हिस लीग स्थापन केली. कामगाराला वाचनालय हवं, रात्रीची शाळा हवी, तसं नाटकही हवं, असं मानणारी ती माणसं होती. दामोदर सुरू झालं ते वर्ष १९२२. त्याच वर्षी कारखाना कायद्यात दुरुस्ती होऊन कामगारांचा आठवडा ६० तासांवर आला. दोन्ही गोष्टी एकाच वर्षी घडाव्यात हा योगायोग असेल. मला मात्र त्यांचं नातं दिसतं. तास सुटले तेव्हा ते तास घेऊन जायला एक दार उघडं होतं.

पुढे या दारावर 'शक्ती-तुऱ्याचा जंगी सामना' हे फलक लागत राहिले. पावसाळ्यात, चाकरमानी गणपतीला गावी निघायच्या आधी, त्यांची गर्दी असे. गुहागरचा संघ, संगमेश्वरचा संघ, लांज्याचा, चिपळूणचा. तिकिटाच्या पैशातून गावच्या देवळाचा पत्रा, शाळेची भिंत, वाडीतल्या विहिरीचा कठडा व्हायचा. १८ जानेवारी १९८२ ला गिरणीकामगारांचा संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले, आणि त्यातले बहुतेक पुन्हा आत गेले नाहीत. गिरण्या गेल्या, चिमण्या पडल्या, भोंगे बंद झाले. नाचणारी माणसं कल्याण, विरार, पनवेलपर्यंत फेकली गेली. तरी सामन्याला ती परळलाच येत. संपानंतर गिरणगावात फार थोड्या गोष्टी टिकल्या, त्यातली ही एक.

नोव्हेंबर २०२३ मध्ये दामोदर पुनर्विकासासाठी बंद झालं. त्याच जागी पुन्हा नाट्यगृह व्हावं म्हणून रंगकर्मी रस्त्यावर आले. त्या मागणीला माझा पाठिंबा आहे आणि तिच्याबद्दल जाणत्या लोकांनी पुरेसं लिहिलं आहे. मला तिच्या पुढचं बोलायचं आहे. उद्या चकचकीत नाट्यगृह झालं, खुर्च्या मऊ आल्या, वातानुकूलन आलं, आणि शक्ती-तुऱ्याला मिळालं तीन-साडेतीन तासांचं सत्र, तर जागा परत मिळेल पण कला मिळणार नाही.

सत्रात काय होतं ते मी पाहत आले आहे. दोन संघ, दोघांचे गण, दोघांच्या गवळणी, मध्ये पाहुण्यांचे सत्कार, शाली, नारळ. एवढ्यात दोन तास जातात. उरलेल्या वेळात सवाल-जवाब बसवायचे. विंगेत बसून उत्तर बांधायला अवधीच नाही, म्हणून शाहीर घरूनच सगळं लिहून आणतात. मग समोरच्याने काय विचारलं याच्याशी उत्तराचा संबंध राहत नाही. प्रेक्षकाला धरून ठेवायला सिनेमाच्या चाली येतात, वैयक्तिक टोमणे येतात, आणि शिव-शक्तीचा मूळ सवाल दोन ओळींत उरकला जातो. जुने लोक याला नव्या पिढीचा दोष म्हणतात. ते खरं नाही. आजच्या तरुण शाहिरांमध्ये, त्यात आता मुलीही आहेत, तयारीची माणसं आहेत. दहा मिनिटांत कूट सोडवून दाखवा म्हटल्यावर त्यांनी काय करावं? लय वाढायलाही वेळ लागतो. ठाय लयीत मन शांत बसल्याशिवाय जलद लयीचा अर्थ लागत नाही. पहिल्याच पदाला टाळ्यांसाठी जलद वाजवलं की पुढे जायला जागाच उरत नाही.

हे फक्त जाखडीचं नाही. लालबागच्या हनुमान थिएटरात एके काळी तमाशाचे फड आणि लावणीच्या पार्ट्या उतरत. गिरणगाव ओसरलं तसं तेही गेलं. बैठकीच्या लावणीत यमुनाबाई वाईकर एक ओळ घेऊन बसायच्या आणि तिच्यावर अदा करत राहायच्या, ओळ पुढे सरकत नसे आणि ऐकणाऱ्याला सरकायला नकोही वाटे. त्यांना २०१२ मध्ये पद्मश्री मिळाली. ती अदा आज रंगमंचावर किती मिनिटं मावते? सिंधुदुर्गातला दशावतार पहाटेच्या दहीकाल्यावर संपतो, कारण त्याची रचनाच रात्रीच्या लांबीची आहे. कर्नाटकच्या किनाऱ्यावर यक्षगानाच्या काही मेळ्यांनी कालमर्यादेतले खेळ सुरू केले. प्रेक्षक वाढले असं तिथले लोक म्हणतात, आणि तो विचार मी हलका मानत नाही. सकाळची लोकल पकडणाऱ्याला रात्रभर बसा असं रोज कुणी सांगू नये. पण कुठे तरी, कधी तरी, ती पूर्ण लांबीची गोष्ट उभी राहिली पाहिजे. नाही तर छोट्या रूपाला माप कशाचं घ्यायचं तेच कळेनासं होईल.

आता मागण्या. त्या मोठ्या नाहीत.

पहिली मागणी रात्रींची. गणपतीच्या आधीच्या आठवड्यांत, शनिवारी, मध्य मुंबईतल्या एखाद्या बंदिस्त नाट्यगृहात शक्ती-तुऱ्याला अख्खी रात्र द्या. रात्री साडेनऊला पडदा उघडावा आणि पहाटेची पहिली गाडी सुटायच्या सुमारास बंद व्हावा. आवाजाचा प्रश्न निघेल म्हणून आधीच सांगते. ध्वनी प्रदूषण नियम, २००० मध्ये रात्री दहा ते सहा ध्वनिक्षेपकाला जी बंदी आहे, तिच्यातून सभागृहासारख्या बंदिस्त जागा आतल्या आत वापरासाठी वगळलेल्या आहेत. म्हणजे अडचण त्या नियमाची नाही. अडचण आहे ती सत्रांच्या दरपत्रकाची, कर्मचाऱ्यांच्या पाळ्यांची आणि परवान्यावर लिहिल्या जाणाऱ्या वेळेची. या तिन्ही गोष्टी मंत्रालयातून एका बैठकीत सुटू शकतात. रंगमंच कामगारांना रात्रीचा वाढीव मोबदला मिळालाच पाहिजे, तो आपल्या खात्याने द्यावा. ज्या कलेत नाचणारे स्वतः कामगार होते, तिच्यासाठी कुणी फुकट राबू नये.

दुसरी, परळला जे नाट्यगृह होईल त्याच्या आराखड्यासाठी. जाखडी हे रिंगण आहे. ते समोरून एकाच बाजूने बघितलं की अर्धी माणसं उरलेल्या अर्ध्यांच्या मागे जातात. रंगमंच खोल असावा, पुढे वाढवता येणारा असावा, प्रेक्षकांतले काही जण तिन्ही बाजूंनी बसू शकतील असा असावा. जमीन लाकडी हवी आणि पोकळी ठेवून बसवलेली हवी, म्हणजे चाळाचं पाऊल ध्वनिक्षेपकाशिवाय मागच्या रांगेपर्यंत जाईल. वास्तुविशारदाच्या टेबलावर नाटकवाल्यांबरोबर दोन शाहीर आणि एक ढोलकीवाला बसवा. त्यांना काय हवं ते त्यांच्याइतकं कुणी सांगू शकणार नाही.

तिसरी मागणी नाजूक आहे. या कलेचं चित्रीकरण व्हायला हवं, आणि ते कापाकापी न करता, पहिल्या गणापासून शेवटच्या फेऱ्यापर्यंत. एक कॅमेरा फक्त पावलांवर असावा. विंगेत उत्तर बांधत बसलेला शाहीरही त्यात हवा, त्याची परवानगी असेल तर. पण वह्यांना हात लावू नका. कुणी तरी उत्साही अधिकारी घराण्यांच्या वह्या 'संकलित' करून 'प्रकाशित' करायचा प्रस्ताव आणेल. तो घाईने मंजूर करू नका. ती पदं कधी, कुणासमोर उघडायची हे गुरू-शिष्यांनी ठरवायचं आहे. ज्याला आपली वही जपून ठेवण्यासाठी सरकारकडे द्यायची असेल त्याने ती स्वतःच्या अटींवर द्यावी, मालकी त्याचीच राहावी, आणि ती छापायचा अधिकार आपल्या खात्याकडे आपोआप जाऊ नये. भेदिक पदाचा भेद सगळ्यांना आधीच ठाऊक असेल तर सामन्यात उरेल काय?

शेवटचं, महोत्सवांबद्दल. सरकारी लोककला महोत्सवात जाखडीला मिनिटं मिळतात. कोळीनृत्यानंतर आणि लेझीमच्या आधी ती येते, फेटे बांधून एक गवळण नाचते आणि जाते. बघणाऱ्यांना ती आवडते, कलाकारांना मानधन मिळतं, ते मला मान्य आहे आणि ते बंद करा असं मी म्हणत नाही. मात्र त्या निवेदनात एक वाक्य वाढवायला सांगा: हा सामन्याचा फक्त आरंभ आहे, पूर्ण सामना अमुक तारखेला अमुक नाट्यगृहात रात्रभर आहे. ती तारीख आणि ते नाट्यगृह आपल्या खात्याला ठरवायचं आहे. आषाढ लागायच्या आत ठरलं तर मंडळांना तालमीला महिना मिळेल आणि गावाहून येणाऱ्या संघांना गाड्यांचं आरक्षण करता येईल. त्यासाठी मंडळांचे प्रतिनिधी, नाट्यगृहाचे व्यवस्थापक आणि पोलिसांचा परवाना विभाग यांची बैठक आपण बोलवावी. बैठक संध्याकाळी सातनंतर ठेवावी ही विनंती, कारण यातले बहुतेक शाहीर दिवसा नोकरीवर असतात.

आपली,
एक परळकर प्रेक्षक